देण्याघेण्याचे तंटे : सलोख्याचा मार्ग आणि त्याचे कायदेशीर बळ

ग्रामीण भागातील पैशाचे कितीतरी व्यवहार आजही परस्परांवरील विश्वासावर चालतात. पेरणीच्या तोंडावर बी-बियाण्यांसाठी, विहिरीवरील पंप बिघडला म्हणून, घरातील लग्नकार्यासाठी किंवा आकस्मिक आजारपणासाठी नातेवाईक, शेजारी वा स्नेही यांच्याकडून रक्कम उसनी घेतली जाते. पुष्कळदा तिचा कागद होत नाही. झालाच तर वहीच्या एखाद्या पानावर चार ओळी लिहिल्या जातात. परतफेड सुरळीत होते तोवर या व्यवहारात काही उणे राहिले आहे, हे कोणाच्याही लक्षात येत नाही. एखादा हंगाम वाया गेला, हप्ता चुकला, किती दिले आणि किती राहिले याविषयी दोघांच्या आठवणीत अंतर पडले, की मात्र तंटा उभा राहतो.

असा तंटा दिवाणी न्यायालयात नेण्याचा अधिकार प्रत्येकास आहे. परंतु दाव्याचा निकाल, त्यावरील अपील आणि त्यानंतर हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी करावयाची दरखास्त, असा हा दीर्घ प्रवास असतो. लहान रकमेच्या बाबतीत खर्च आणि हेलपाटे यांचा हिशेब केला, तर जिंकलेल्याच्या पदरीही फारसे उरत नाही. शिवाय वादी आणि प्रतिवादी हे एकाच पाणंदीने शेतावर जाणारे, एकाच विहिरीवर हिस्सा असलेले असतात. म्हणूनच सलोख्याच्या मार्गाचा विचार सर्वप्रथम होणे इष्ट असते.

तथापि 'गावात बसून मिटविले' एवढ्याने तंटा मिटतोच असे नाही. अनेक तडजोडी पहिल्या हप्त्यालाच मोडतात आणि मूळ तंट्यात तडजोडीच्या तंट्याची भर पडते. सलोखा टिकावयाचा असेल तर दोन गोष्टी आवश्यक ठरतात : तो दोन्ही पक्षांनी खरोखर स्वेच्छेने केलेला असावा आणि त्यास कायदा ओळखील असे लेखी रूप मिळालेले असावे. यांपैकी एकही गोष्ट सुटली तर सलोख्याचे श्रम वाया जातात.

जुनी परंपरा

महाराष्ट्राला सामोपचाराने तंटे मिटविण्याची परंपरा नवीन नाही. पेशव्यांकडून जिंकून घेतलेल्या प्रदेशाविषयी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याने १८१९ मध्ये सादर केलेल्या अहवालात येथील न्यायपद्धतीचे तपशीलवार वर्णन आढळते. गावातील तंट्यात पाटील प्रथम आपले वजन खर्च करून समेट घडवून आणण्याचा प्रयत्न करी आणि तो फसला तर पंचायत बसवी. पंचायतीचा निर्णय मान्य करू, असे दोन्ही पक्षांकडून लिहून घेण्यात येई. या लेखास 'राजीनामा' म्हणत. आज या शब्दाचा अर्थ पदत्याग असा झाला असला, तरी त्याच्या मुळाशी 'राजी असणे' ही कल्पना आहे. हरलेल्या पक्षाकडून 'यजितखत' लिहून घेतले जाई. म्हणजे संमती आणि लेखी पुरावा या दोन्ही गोष्टींचे महत्त्व त्या काळीही ओळखले गेले होते.

या व्यवस्थेला उणी बाजूही होती. त्याच अहवालात 'तगादा' या प्रकाराचे वर्णन आहे. धनको ऋणकोच्या दाराशी धरणे धरून बसे, त्याची वाट अडवी आणि लोकलज्जेच्या दडपणाखाली त्याच्याकडून कबुली मिळवी. तगाद्याने मिळालेली कबुली आणि समजुतीने झालेला समेट यांतील भेद आजही विसरून चालणार नाही.

१८७९ चा प्रयोग

इंग्रजी अमदानीत दिवाणी न्यायालये स्थापन झाली. कागदोपत्री पुरावा सावकाराच्या हाती असे. निरक्षर शेतकरी न्यायालयात हजर राहत नसे आणि त्याच्याविरुद्ध एकतर्फी हुकूमनामे होत. या असंतोषाचा स्फोट १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे झाला. तेथून पुणे आणि अहमदनगर या जिल्ह्यांत पसरलेल्या या दंग्यांत शेतकऱ्यांचा रोख मुख्यतः कर्जरोख्यांवर होता. सावकारांकडील रोखे हस्तगत करून ते जाळण्यात आले.

या घटनांच्या चौकशीनंतर १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा संमत झाला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर हे चार जिल्हे त्याचे प्रथम कार्यक्षेत्र होते. त्यातील एक स्वतंत्र प्रकरण सलोख्यासंबंधी होते. समेट घडविण्यासाठी व्यक्तींची नेमणूक करण्यात आली आणि अशा व्यक्तीचे प्रमाणपत्र जोडल्याखेरीज शेतकऱ्याविरुद्धचा दावा दाखल करून घेऊ नये, असे बंधन न्यायालयांवर घालण्यात आले. समेट झाल्यास तो लेखी स्वरूपात न्यायालयाकडे पाठविला जाई आणि त्यास हुकूमनाम्याचे बळ प्राप्त होई. त्याच दशकात पुण्यात सार्वजनिक काका म्हणजे गणेश वासुदेव जोशी आणि न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांच्या प्रयत्नांतून लवाद कोर्टाचा लोकाश्रयी उपक्रमही सुरू झाला होता. पुढे रानडे यांनी १८७९ च्या कायद्याखालील विशेष न्यायाधीश म्हणूनही काम पाहिले.

या इतिहासातून दोन बोध मिळतात. समेटाला न्यायालयाच्या हुकूमनाम्याचे बळ देण्याची कल्पना या भूमीत सव्वाशे वर्षांहून अधिक काळ रुजलेली आहे, हा पहिला. दुसरा असा की, ज्याच्या हाती कागद आहे आणि ज्याच्या हाती नाही, अशा दोन असमान पक्षांमध्ये सलोखा घडविताना दुबळ्या पक्षाचे संरक्षण हे मध्यस्थाचे पहिले कर्तव्य ठरते.

सलोखा आणि लवाद यांतील फरक

व्यवहारात सलोखा, मध्यस्थी आणि लवाद हे शब्द सैलपणे वापरले जातात. परंतु त्यांचे परिणाम भिन्न आहेत. लवाद हा न्यायाधीशाप्रमाणे निर्णय देतो आणि तो निर्णय न आवडणाऱ्या पक्षावरही बंधनकारक असतो. सलोख्यात मात्र मध्यस्थ निर्णय देत नाही. तो दोघांचे ऐकतो, हिशेब स्पष्ट करतो, पर्याय सुचवितो. अंतिम शब्द पक्षकारांचाच असतो. पसंत न पडल्यास कोणताही पक्ष कोणत्याही क्षणी उठून जाऊ शकतो आणि तसे केल्याबद्दल त्याचे कोणतेही नुकसान होऊ नये, हे या पद्धतीचे मूलतत्त्व आहे. सलोख्याच्या बोलण्यात एखाद्याने 'एवढे देण्यास मी तयार आहे' असे म्हटले, तर बोलणी फिसकटल्यानंतर ते वाक्य त्याच्याविरुद्ध वापरू नये, हेही तितकेच महत्त्वाचे आहे. तसा विश्वास नसेल तर कोणी मोकळेपणाने बोलणार नाही.

एक उदाहरण

ही प्रक्रिया कशी चालते हे एका काल्पनिक उदाहरणाने स्पष्ट होईल. दोन चुलतभावांपैकी थोरल्याने धाकट्यास पंप आणि जलवाहिनी बसविण्यासाठी १ लाख ८० हजार रुपये उसने दिले. साध्या कागदावर रक्कम आणि तारीख लिहून धाकट्याने सही केली. पुढे त्याने ६० हजार रुपये रोख परत केले. थोरल्याचे म्हणणे, १ लाख २० हजार रुपये आणि त्यावरील व्याज येणे आहे. धाकट्याचे म्हणणे, मध्यंतरी दिलेला कडबा आणि ट्रॅक्टरची नांगरट यांचे ३० हजार रुपये वळते केले पाहिजेत. देणे केवळ ९० हजारांचे आहे आणि व्याज तर कधी ठरलेच नव्हते.

अशा वेळी कोण खरे बोलतो, या प्रश्नाने सुरुवात केल्यास बैठक तेथेच संपते. अनुभवी मध्यस्थ प्रथम ज्याविषयी वाद नाही त्याची नोंद करतो. मुद्दल १ लाख ८० हजार, ही बाब दोघांस मान्य. रोख परतफेड ६० हजार, हीही मान्य. म्हणजे तंटा १ लाख ८० हजारांचा नसून केवळ ३० हजारांचा आणि व्याजाचा आहे, हे कागदावर दिसू लागते. एवढ्यानेच निम्मा ताण कमी होतो.

त्यानंतर प्रत्येकाशी स्वतंत्रपणे बोलणे होते. थोरल्यास येत्या उन्हाळ्यात मुलीच्या शिक्षणासाठी पैशांची गरज आहे; त्याला व्याजापेक्षा निश्चित तारीख हवी आहे. धाकट्याची देण्याची तयारी आहे, परंतु पीक विकल्याशिवाय एकरकमी देणे त्यास अशक्य आहे. या गोष्टी न्यायालयातील कैफियतीत सहसा येत नाहीत. तडजोड मात्र त्यांच्यावरच उभी राहते. अखेर कडबा आणि नांगरट यांच्यापोटी १५ हजार रुपये वळते करावयाचे, व्याज सोडावयाचे आणि १ लाख ५ हजार रुपये प्रत्येकी ३५ हजारांच्या तीन हप्त्यांत द्यावयाचे, असे ठरते. पहिला हप्ता सोयाबीन विकल्यानंतर १५ डिसेंबरला, दुसरा रब्बीनंतर १५ मे रोजी आणि तिसरा त्यापुढील १५ डिसेंबरला. थोरल्याने काही सोडले, धाकट्याने काही पत्करले. परंतु दोघांनीही आपापली गरज सांभाळली.

तडजोडनामा कसा असावा

येथवर झालेले काम कागदावर नीट उतरले नाही तर ते अपुरे राहते. तडजोडनाम्यात पक्षकारांची पूर्ण नावे व पत्ते, मूळ व्यवहाराची तारीख, मान्य झालेली परतफेड, शिल्लक रकमेचा अंतिम आकडा अंकी आणि अक्षरी, प्रत्येक हप्त्याची रक्कम व दिनांक आणि पैसे देण्याची रीत यांचा स्पष्ट उल्लेख असावा. शक्यतो हप्ते बँकेमार्फत द्यावेत. रोख दिल्यास प्रत्येक वेळी सहीची पावती घ्यावी. 'सवडीने देईन', 'पीक आल्यावर बघू' असे शब्द तडजोडनाम्यात नसावेत.

हप्ता चुकल्यास काय, हे आधीच लिहिणे हिताचे असते. थोडी सवलतीची मुदत देऊन, तरीही रक्कम न आल्यास उर्वरित सर्व रक्कम ठरलेल्या दराच्या व्याजासह एकदम देय होईल, अशी अट घालता येते. शेवटचा हप्ता मिळाल्यावर मूळ चिठ्ठी, वचनचिठ्ठी वा कोरे धनादेश परत करण्याची जबाबदारीही लिहून ठेवावी. कर्ज फिटले तरी चिठ्ठी धनकोकडेच राहिल्याने पुढच्या पिढीत तंटे उभे राहतात.

'यापुढे कोणीही न्यायालयात जाणार नाही' अशी सरसकट अट काही ठिकाणी घातली जाते. भारतीय करार अधिनियम, १८७२ च्या कलम २८ नुसार कायदेशीर दाद मागण्याचा हक्क पूर्णपणे हिरावून घेणारी अट तितक्यापुरती शून्य ठरते. तिच्याऐवजी सुस्पष्ट हप्ते आणि हुकूमनाम्याचे बळ हेच खरे संरक्षण होय. तडजोडीत जमीन तारण देण्याची वा हस्तांतरित करण्याची बाब आल्यास मुद्रांक आणि नोंदणी यांचे नियम लागू होतात. अशा वेळी विधिज्ञांचा सल्ला घेतल्याखेरीज पुढे जाऊ नये.

हुकूमनाम्याचे बळ

पक्षकारांनी आपसांत केलेला तडजोडनामा हा एक करार असतो. तो मोडल्यास त्याच्या आधारे नवा दावा करावा लागतो. तीच तडजोड लोकन्यायालयापुढे नोंदविल्यास मात्र तिचे स्वरूप पालटते.

आधुनिक लोकन्यायालयांचा आरंभ १४ मार्च १९८२ रोजी गुजरातमधील त्या वेळच्या जुनागढ जिल्ह्यातील उना येथे झाला. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ अन्वये त्यांस वैधानिक अधिष्ठान लाभले. हा कायदा ९ नोव्हेंबर १९९५ पासून अंमलात आला. या कायद्याच्या कलम २१ नुसार लोकन्यायालयाचा निवाडा हा दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामा मानला जातो, तो अंतिम व बंधनकारक असतो आणि त्याविरुद्ध अपील चालत नाही. प्रलंबित दावा अशा रीतीने मिटल्यास भरलेले न्यायशुल्क नियमांनुसार परत मिळते. निवाड्याचे पालन न झाल्यास नवा दावा न करता थेट दरखास्त दाखल करता येते. अशा दरखास्तीसाठी सर्वसाधारणपणे १२ वर्षांची मुदत असते.

यासाठी दावा आधीच दाखल झालेला असावा लागतो, असा एक गैरसमज आहे. न्यायालयात न गेलेले तंटेही लोकन्यायालयापुढे ठेवता येतात. त्यांस दावापूर्व प्रकरणे म्हणतात. तालुक्याच्या न्यायालयात असलेल्या तालुका विधी सेवा समितीकडे किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे एका पक्षाने अर्ज केला तरी दुसऱ्या पक्षास सूचना पाठविली जाते. यासाठी न्यायशुल्क आकारले जात नाही.

लोकन्यायालयाच्या मंडळात न्यायिक अधिकारी असले तरी ते तेथे न्यायनिवाडा करीत नाहीत. पक्षकारांमध्ये तडजोड झाली तरच निवाडा करता येतो. एरवी गुणदोषांवर निर्णय देण्याचा अधिकार लोकन्यायालयास नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये पंजाब राज्य विरुद्ध जालौर सिंग या प्रकरणात स्पष्ट केले आहे. तडजोड न झाल्यास प्रलंबित दावा मूळ न्यायालयाकडे परत जातो आणि दावापूर्व प्रकरणात पक्षकारांस न्यायालयात दाद मागण्याचा सल्ला दिला जातो.

दावा चालू असतानाही समेटाची दारे खुली असतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ अन्वये न्यायालय योग्य प्रकरण लवाद, सलोखा, लोकन्यायालय वा मध्यस्थी यांकडे सोपवू शकते. ही तरतूद १ जुलै २००२ पासून लागू झाली. तसेच आदेश २३, नियम ३ नुसार पक्षकारांची लेखी व स्वाक्षरीत तडजोड न्यायालय नोंदवून घेते आणि तीनुसार हुकूमनामा करते. २०२३ चा मध्यस्थता अधिनियम हे या मालिकेतील अलीकडचे पाऊल होय. दाव्यापूर्वीची मध्यस्थी सक्तीची करण्याचा विचार मूळ विधेयकात होता. संमत झालेल्या कायद्यात ती पक्षकारांच्या इच्छेवर ठेवण्यात आली. या कायद्याची कलमे टप्प्याटप्प्याने अंमलात आणण्याची तरतूद असल्याने, त्याचा आधार घेण्यापूर्वी संबंधित कलम लागू झाले आहे किंवा नाही याची खात्री विधी सेवा समितीकडून करून घ्यावी.

मुदतीचे भान

सलोख्याच्या प्रयत्नात एक धोका सहज नजरेआड होतो. उसन्या रकमेच्या वसुलीचा दावा करण्यासाठी मुदत अधिनियम, १९६३ नुसार सामान्यतः तीन वर्षांची मुदत आहे. गावात बोलणी चालू आहेत एवढ्याच कारणाने ही मुदत थांबत नाही. 'बसू, मिटवू' म्हणत तीन वर्षे उलटली तर खरे येणे असलेल्या मनुष्याचाही दावा मुदतबाह्य ठरू शकतो.

यावर कायद्यातच उपाय आहे. मुदत संपण्यापूर्वी ऋणकोने देणे असल्याची लेखी व स्वाक्षरीची कबुली दिल्यास त्या दिवसापासून नवी मुदत सुरू होते. म्हणून बोलणी लांबणार असे दिसल्यास, रकमेविषयी वाद राखून का होईना, देणे असल्याची कबुली लिहून घेणे न्याय्य ठरते. ऋणकोची टाळाटाळ चालू असून मुदत जवळ आली असेल, तर दावा दाखल करून मग समेटाचा प्रयत्न चालू ठेवावा. दावा दाखल करणे म्हणजे सलोख्याचे दार लावून घेणे नव्हे.

सलोखा कोठे करू नये

प्रत्येक तंटा सलोख्यास योग्य नसतो. परवान्याशिवाय सावकारीचा धंदा करणाऱ्या व्यक्तीच्या येण्याची 'तडजोड' करून देणे म्हणजे बेकायदेशीर व्यवहारास मान्यता देण्यासारखे होय. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ अन्वये विनापरवाना सावकारी हा गुन्हा आहे आणि अशा सावकारीतून बळकावलेल्या मालमत्तेबाबत जिल्हा निबंधकाकडे दाद मागता येते. कर्जापोटी जमिनीचे खरेदीखत करून घेतल्याची तक्रार असल्यास ती गावपातळीवर दडपू नये. जेथे मारहाण, धाकदपटशा वा फसवणूक आहे तेथेही कायद्याचाच मार्ग योग्य. धनादेश न वटल्याची प्रकरणे मात्र कायद्यानेच तडजोडयोग्य ठरविली असून ती लोकन्यायालयापुढे ठेवता येतात.

गावातील जाणत्यांची जबाबदारी

१५ ऑगस्ट २००७ रोजी राज्यात सुरू झालेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेने समेटाच्या कामात ग्रामसभेचा सहभाग वाढविला. सरपंच, ग्रामपंचायत सदस्य, शिक्षक आणि ग्रामपातळीवरील अधिकारी यांच्याकडे लोक आजही विश्वासाने येतात. या विश्वासाबरोबर काही पथ्ये पाळावी लागतात. ज्याचे एखाद्या पक्षाशी नाते वा देणेघेणे आहे त्याने मध्यस्थ होऊ नये. मध्यस्थीचे शुल्क वा वाटा घेऊ नये. ज्यास वाचता येत नाही त्याला तडजोडनामा सावकाश वाचून दाखवावा, त्याचा अर्थ त्याच्याच तोंडून वदवून घ्यावा आणि मगच साक्षीदारांसमक्ष अंगठा घ्यावा. व्यवहारात घरातील स्त्रीचे दागिने वा तिची बचत गुंतलेली असल्यास तिचे म्हणणे तिच्याकडूनच ऐकावे. सही करण्यापूर्वी विचारासाठी एक-दोन दिवस मागितल्यास ते अवश्य द्यावेत.

दंड, पाणी तोडणे वा वाळीत टाकणे असल्या उपायांनी मिळविलेली संमती ही संमतीच नव्हे. सामाजिक बहिष्काराला प्रतिबंध करणाऱ्या महाराष्ट्राच्या २०१६ च्या अधिनियमानुसार असा बहिष्कार हा शिक्षापात्र गुन्हा आहे, याची जाणीव समेटास बसणाऱ्या प्रत्येकाने ठेवली पाहिजे.

शाळेतील शिक्षकांना या कामी आणखी एक वाटा उचलता येण्यासारखा आहे. पावती कशी लिहावी, उसनवारीची नोंद कशी ठेवावी आणि तीन वर्षांची मुदत म्हणजे काय, एवढे ज्ञान वरच्या वर्गांतील मुलांना दिले तरी ते घरोघरी पोहोचेल. ग्रामपंचायतीने तालुका विधी सेवा समितीचा पत्ता आणि येत्या लोकन्यायालयाची तारीख सूचनाफलकावर लावावी. गावात तडजोड ठरली की दोन्ही पक्षांना बरोबर घेऊन ती लोकन्यायालयात नोंदवून आणणे, हे मध्यस्थाच्या कामाचे शेवटचे पाऊल समजावे. तेवढे पाऊल पुढे टाकले गेले, तर उदाहरणातील दोन भावांना पुढील डिसेंबरात पुन्हा पंचांपुढे बसावे लागणार नाही; आणि एखादा हप्ता चुकलाच तरी दाराशी तगादा लावण्याचा प्रसंग न येता कायद्याच्या मार्गाने त्याची वसुली होऊ शकेल.